उडालेल्या छपराचा तपास

नोकरीतल्या बहुतेक केसेस आता एकमेकींत मिसळून गेल्या आहेत. कोणती चोरी कोणत्या ठाण्यातली आणि कोणती मारामारी कोणत्या गावातली, हे विचारले तर मला डोके खाजवावे लागते. कुहीकडच्या त्या शाळेच्या छपराचे मात्र तसे नाही. परवा आमच्या गल्लीत एका गृहस्थाने गच्चीवर टिनाचे शेड टाकले. मिस्त्री पत्र्यांवर नुसत्या विटा ठेवून निघाला, तेव्हा मी खाली रस्त्यात उभा राहून इतका ओरडलो की बायको बाहेर आली. तिला कारण ठाऊक आहे, तुम्हाला सांगतो. नावे कोणाचीच घेणार नाही. त्यातली काही माणसे आज नाहीत आणि जी आहेत त्यांनी पुष्कळ सोसले आहे.

सत्तरच्या दशकाच्या सुरुवातीची गोष्ट. नागपूर जिल्ह्यात कुहीच्या बाजूला एका ठाण्याचा मी ठाणेदार होतो. सगळा धानाचा मुलूख, आणि नदी चढली की काठची गावे पाण्यात. अशाच एका गावात सरकारने उंच जोत्यावर शाळा बांधली होती. एरवी शाळा, आणि संकट आले की गावाने आसऱ्याला यायची जागा. जाड भिंतींचा मोठा हॉल, त्याला लागून हेडमास्तरची लहान खोली, वर लाकडी कैच्या, म्हणजे छपराखालचे तिकोनी सांगाडे, आणि कैच्यांवर टिनाचे पत्रे. पूर येवो की वादळ, पोराबाळांना घेऊन इकडे या, असे गावाला बजावून ठेवले होते.

मे महिन्यात एका दुपारी वावधन सुटले. उन्हाळ्याच्या शेवटी धूळ उडवत जे वादळ येते त्याला आमच्याकडे वावधन म्हणतात. सांगितल्याप्रमाणे लोक शाळेकडे धावले. हॉल भरला आणि ते आत असतानाच हॉलचे छप्पर गेले. कोसळले नाही, गेले. कैच्यांसकट वर उचलले आणि मागच्या धानाच्या बांधीत जाऊन पडले. जाताना काही पत्रे सुटून आत आले. बऱ्याच जणांना लागले. गावच्या सरपंचाची मुलगी, सासरहून उन्हाळ्यापुरती माहेरी आलेली, ती जागीच गेली.

मी पोचलो तेव्हा आभाळ निवळले होते. आकस्मिक मृत्यूचा मर्ग दाखल केला, पंचनामा केला, प्रेत शवविच्छेदनाला पाठवले. हे सगळे करताना माणूस फार विचार करत नाही, हातच काम करतात. सरपंच मात्र माझ्या मागे मागे फिरत होता. हा मोठा शेतकरी. शाळेला जागा त्यानेच दिलेली. बोलायला फटकळ, पण गावात शब्दाला मान, सगळे त्याला पाटीलच म्हणायचे. आणि शंकरपटाचा भारी शौकीन. शंकरपट म्हणजे आमच्याकडची बैलजोड्यांची शर्यत. हिवाळ्यात या गावचा पट भरायचा तेव्हा लांबून लोक यायचे. असा हा ताठ माणूस त्या दिवशी डोक्याचा शेला हातात धरून उभा होता. त्याने फिर्याद दिली आणि शेवटी म्हणाला, "सायेब, ज्यानं हे छप्पर टाकलं त्याले बेड्या घालून याच रस्त्यानं फिरवा. तवाच माह्या पोरीले न्याय भेटन."

छप्पर टाकले होते ते बांधकामावरच्या ओव्हरसियरच्या देखरेखीखाली. पंचविशीतला पोरगा, नागपूरच्या उत्तरेकडच्या वस्तीतला. घर बौद्ध, वडील गिरणीत कामाला आणि अख्ख्या घराण्यात डिप्लोमा झालेला हा पहिला. त्याच्या खात्याने वाट न पाहता त्याला निलंबित केले. एवढ्यातेवढ्या हलगर्जीपणाचा पुरावा सापडला असता तरी नोकरी गेलीच होती, आणि वर निष्काळजीपणाने मृत्यू घडवल्याचा खटला. वरून मला रोज निरोप येऊ लागले की अटक कधी करता. वर्तमानपत्रवाल्यांनी तर परस्पर करूनही टाकली होती.

अशात एक माणूस ठाण्यात आला. तो ठेकेदाराचा मुनीम. ठेकेदाराचे गांधीबागेत कापडाचे दुकान होते आणि जोडीला ही ठेकेदारी. मुनीम खुर्ची जवळ ओढून हळू आवाजात बोलू लागला. त्याचे म्हणणे असे की नकाशात प्रत्येक कैची भिंतीशी जखडायला लोखंडी पट्ट्या होत्या. लोखंड जागेवर आलेही होते. पण ओव्हरसियरने ते नागपुरात विकून खाल्ले. खोटे वाटत असेल तर जाऊन पाहा, हॉलच्या भिंतीवर एक पट्टी दिसली तर नाव बदलेन. पुढे म्हणाला, या लोकांना पहिल्यांदाच खुर्ची मिळते, मग दुसरे काय होणार.

मी त्याला तिथेच थांबवले. म्हटले, तू खबर द्यायला आलास ना, खबर दे. कोणाची कुळी सांगू नकोस.

पण खबर तपासणे भाग होते. मी हॉल पुन्हा पाहिला. भिंती धडधाकट उभ्या होत्या, चुन्याने पांढऱ्याशुभ्र, आणि खरोखर एकही पट्टी दिसत नव्हती. त्या काळी लोखंड परमिटवर मिळायचे आणि परमिट मिळवता मिळवता चपला झिजायच्या. तेव्हा विकून खाल्ले हे बसत होते. पण इतकी बरोबर बसणारी खबर आयती टेबलावर आली की मला तिचाच संशय येतो. खऱ्या गुन्ह्यात काहीतरी वाकडे राहतेच.

ओव्हरसियरला चौकशीसाठी बोलावले. तो आला तो इस्त्रीचा शर्ट घालून, जणू मुलाखतीला आला आहे. मी त्याला दुपारभर बसवून ठेवला. ही आमची जुनी पद्धत. माणूस बाकावर बसून काय करतो यावरून बरेच कळते. ज्याच्या मनात पाप असते तो येणाऱ्याजाणाऱ्या शिपायाशी सलगी करतो, चहा पाजायला बघतो. हा मधूनमधून नुसता ठाण्याच्या छपराकडे पाहत होता.

आत बोलावल्यावर मी आवाज चढवला. पट्ट्या कुठे विकल्या ते सांग, म्हणजे दोघांचाही त्रास वाचेल. तो म्हणाला, विकल्या नाहीत, लावल्या. प्रत्येक कैचीचे दोन्ही पाय पट्टीने भिंतीशी बांधले आणि मी स्वतः उभा राहून बोल्ट आवळून घेतले. मी म्हटले, कागदावर तर सगळेच असते. त्यावर त्याने कागदाचे नाव काढले नाही. मी अनेक लबाड पाहिले आहेत, ते आधी कागद पुढे करतात. हा मला वाऱ्याबद्दल सांगू लागला.

"साहेब, आपल्याकडचं मातीच्या कवेलूंचं घर जड असतं. वाऱ्यात चार कवेलू उडतात, घर राहतं. टिनाचा पत्रा हलका, आणि सगळे एकमेकांना जोडलेले. वरून वारा गेला की तो छपराला वर ओढतो आणि दारातून आत शिरला की खालून रेटतो. असं छप्पर खाली पडत नाही, वर जातं. म्हणून त्याला खालून धरून ठेवावं लागतं."

मी म्हटले, फार छान. मग धरून ठेवणाऱ्या पट्ट्या गेल्या कुठे?

त्याने मलाच विचारले, "हेडमास्तरांच्या खोलीचं छप्पर का नाही गेलं साहेब?"

 त्याच वाऱ्यात, त्याच भिंतीला लागून ती खोली होती आणि तिचे छप्पर जागच्या जागी होते. पंचनाम्यात तसे लिहिलेही होते. पण त्या खोलीला उन्हाच्या तलखीसाठी खालून गोणपाटाचे छत मारले होते, त्यामुळे वर काय आहे ते कोणाला दिसत नव्हते. तो म्हणाला, गोणपाट फाडून पाहा. मी त्याला घरी पाठवले आणि सकाळी ठाण्यात हजर राहायला सांगितले. हवालदार म्हणाला, साहेब, हा पळेल. मी म्हटले, पळणारा माणूस छप्पर दाखवायला बोलावत नाही.

सकाळी जीपमधून त्याला घेऊन गावात गेलो. त्याला पाहताच गाव गोळा झाले. शिव्या सुरू झाल्या, दोघेतिघे अंगावर धावून आले. मला काठी आडवी धरावी लागली. सरपंच सगळ्यांत पुढे होता. म्हणाला, याले पाव्हणा म्हणून काहून घेऊन आले सायेब, आरोपी म्हणून आणा. मी म्हटले, पाटील, अर्धा तास द्या, मग काय बोलायचे ते बोला.

खोलीतले गोणपाट उतरवले. वर प्रत्येक कैचीच्या पायाला लोखंडी पट्टी होती. लाल रंग दिलेली, भिंतीत पक्की बसवलेली, बोल्ट आवळलेले. सरपंच उसळून म्हणाला की या एका खोलीत दाखवण्यापुरत्या लावल्या आणि हॉलच्या खाऊन टाकल्या. लोकांनी री ओढली. खरे सांगायचे तर तसेही असू शकत होते.

मग ओव्हरसियर हॉलमध्ये गेला. जिथे कैची बसलेली असायची त्याच्या खाली भिंतीवर त्याने तळहात ठेवला आणि छिन्नी मागितली. गावातला कोणी देईना. माझ्याच शिपायाने जीपमधली पहार आणली आणि गिलावा ठोकला. चुना पडला, गिलाव्याचा पोपडा निघाला, आणि आत भिंतीच्या बरोबरीने कापलेले लोखंड दिसले. करवतीचे चरे स्पष्ट होते. दुसऱ्या जागी ठोकले, तेच. समोरच्या भिंतीवरही तेच. पट्ट्या लावल्या होत्या आणि नंतर कोणीतरी त्या सावकाश, एकेक करून कापून नेल्या होत्या. वर गिलावा लिंपला होता आणि चुना मारला होता.

 मी हेडमास्तरला विचारले, चुना कधी मारला? ते म्हणाले, हिवाळ्यात, पटाच्या आधी. पटाला येणारे पाहुणे हॉलमध्येच उतरतात ना, म्हणून सरपंचांनी स्वतः उभे राहून मारून घेतला. हे बोलता बोलता हेडमास्तरांचा आवाज खाली गेला. मी सरपंचाकडे वळलो तर तो जागेवर नव्हता. कोणी म्हणाले, घराकडे गेले.

इतका वेळ जो माणूस चोराला बेड्या घाला म्हणून ओरडत होता, तो चोर सापडण्याच्या वेळी घरी जातो, हे मला खटकले. पण खटकणे म्हणजे पुरावा नव्हे. चुना मारून घेतला म्हणून कोणाला आरोपी करता येत नाही.

लोखंड कापायला करवत लागते आणि तशी करवत गावात एकाकडेच असणार. लोहाराकडे गेलो. भाता बंद होता, तो दारात बसून होता. मी कशाला आलोय हे त्याला कळत होते. मी मारहाणीतला अधिकारी नव्हतो, आणि लोहाराला मारून काय मिळणार, त्याचे हात माझ्या हातांपेक्षा दणकट. मी त्याला कामाबद्दल विचारत बसलो. लोखंड मिळते का, फाळांचे दर काय, औताचे काम किती. तो हो-नाही करत होता. कोपऱ्यात भंगाराच्या ढिगात बोटभर लांबीचा एक तुकडा दिसला. त्याला लाल रंग होता. मी तो उचलून त्याच्यासमोर ठेवला आणि विचारले, बाकीची पट्टी कुठे आहे?

त्याने तुकडा उलटासुलटा केला. मग म्हणाला, "सायेब, मी गावचा माणूस हावो. मले नाव नोका इचारू. तुमी आमच्या गावचा पट पाह्यला नाई काय?"

एवढे पुरे होते. मी तुकडा मुद्देमालात घेतला, त्याचे आभार मानले आणि ओव्हरसियर, हवालदार व दोन पंच घेऊन सरपंचाच्या घरी गेलो.

अंगणाच्या कडेला ढाब्याखाली, म्हणजे सपाट मातीच्या छपराखाली, शर्यतीचा छकडा उभा होता. पटात बैलांना जुंपतात ती हलकी गाडी. वर चादर टाकलेली. हवालदाराने चादर काढली. छकड्याच्या दोन्ही दांड्या पुढून मागपर्यंत लोखंडी पट्ट्यांनी आवळल्या होत्या. काम सुबक होते, रंगही दिला होता हिरवा. पण पट्ट्यांना ठरावीक अंतरावर भोके होती आणि त्या भोकांत काहीच बसवलेले नव्हते. छकड्याला त्यांचा काही उपयोग नव्हता. कैचीच्या बोल्टसाठी जी भोके पाडायला सांगितली होती तीच ही. ओव्हरसियरने नखाने हिरवा रंग खरवडला. खाली लाल निघाला. मग तो बाजूला झाला.

सरपंच ओसरीत खाटेवर बसून हे पाहत होता. आत कोणी बाई रडत होती, बहुधा मुलीची आई. मी खाटेजवळ गेलो. मला कठोर व्हायचे होते, ते जमले नाही. त्यानेच सुरुवात केली. आदल्या वर्षीच्या पटात त्याच्या छकड्याची दांडी ऐन धावेत फाटली होती आणि परगावच्या लोकांनी त्याची वर्षभर टिंगल केली. लोखंड मिळेना. शाळेच्या भिंतीवर ते रिकामे बसलेले दिसत होते. जागा आपली, शाळा आपल्या गावची, चार पट्ट्या काढल्या तर काय बिघडते असे त्याला वाटले. लोहाराला त्यानेच सांगितले होते.

"सायेब, आमच्या सात पिढ्याच्या घरावर कवेलू हायेत. कोणं बांधून ठेवले ते? छप्पर आपल्या वजनानं बसते. खाली खांब मजबूत पायजे. मले वाटलं, ह्या पट्ट्या सरकारी नखरा हाय."

मी विचारले, वादळानंतर तरी लक्षात आले का?

तो म्हणाला, "त्याच दिवशी आलं. मन मानाले तयार नवतं. म्हून याच्या नावानं बोंबलत फिरलो."

आता मला एक प्रश्न विचारणे भाग होते आणि तो मी जाणूनबुजून पंचांसमोर विचारला. पट्टी कशासाठी आहे हे माहीत नसताना काढली तर ती एक गोष्ट. माहीत असून काढली तर निष्काळजीपणा सरळ सिद्ध. पहिल्यात माणूस थोडक्यात सुटू शकतो. मी ओव्हरसियरला विचारले की या पट्ट्यांचे काम काय, त्या काढल्या तर काय होईल, हे तुम्ही सरपंचांना सांगितले होते का?

तो खाटेवरच्या माणसाकडे पाहत राहिला. हाच माणूस त्याला बेड्या घालून फिरवायला निघाला होता. आणि इमारत वापरणाऱ्याला धोका सांगणे हे ओव्हरसियरचे काम होते. सांगितले नाही असे लिहून आले असते तर खात्याला हवे होते ते कारण आयते मिळाले असते. हे त्याला माझ्यापेक्षा चांगले कळत होते.

तो म्हणाला, "नाही साहेब. सांगायचं राहून गेलं. ती चूक माझी आहे."

हवालदाराने लिहायला घेतले. तेवढ्यात सरपंच खाटेवरून उठला.

"खोटं बोलून राह्यला तो. लिहू नोका." मग तो ओव्हरसियरकडे वळला. "सांगतलं होतं बाबू तुनं. याच ओसरीत बसून सांगतलं. छप्पर उडू नये म्हून पट्ट्या हायेत म्हणे. मी हासलो होतो. म्हटलं, छप्पर काय पाखरू हाय उडाले? अख्खी बैठक हासली होती तुले."

ओव्हरसियर खाली मान घालून म्हणाला, पाटील, वारा फार मोठा होता. पट्ट्या असत्या तरी सांगता आले नसते.

"त्या खोलीचं छप्पर तं हाय ना जागेवर," सरपंच म्हणाला.

 तो मला म्हणाला, सायेब, माह्या फिर्यादीत आरोपी म्हणून याचं नाव हाय ते खोडा आणि तिथं माहं लिहा. मी त्याला समजावले की एकदा दाखल झालेली फिर्याद खोडता येत नाही, पण तपासात जे निघाले ते लिहिता येते. तो म्हणाला, मग तसं लिहा. याची नौकरी काहून घालवता माह्यापायी.

हवालदाराने अर्धवट लिहिलेले ओव्हरसियरचे वाक्य मी पुन्हा विचारून घेतले. तुम्ही सांगितले होते का? या वेळी तो म्हणाला, हो. एवढे बोलताना त्याच्या डोळ्यांत पाणी आले. माझ्या पोलिसी आयुष्यात निर्दोष ठरताना रडलेला तो एकच माणूस.

पुढचे कायद्याप्रमाणे झाले. पोलिसांपुढची कबुली कोर्टात चालत नाही, म्हणून सरपंचाला मॅजिस्ट्रेटपुढे नेले. तिथेही त्याने एक शब्द बदलला नाही. छकड्याच्या पट्ट्या उतरवून भिंतीतल्या तुकड्यांना लावून पाहिल्या, कापलेल्या कडा जुळल्या. त्याच्या वकिलाने गुन्हा नाकारा म्हणून फार समजावले, त्याने ऐकले नाही. मुलीचा बाप म्हणून कोर्टाने हात सैल ठेवला आणि शिक्षा हलकी दिली. मला ते बरे वाटले, त्याला वाटले नाही. मुनीमाला मी ठाण्यात बोलावून जे बोललो ते इथे लिहिण्यासारखे नाही. पट्ट्या दिसत नाहीत म्हटल्यावर आपल्या मालकाच्या गळ्याशी येऊ नये म्हणून त्याने तो बनाव रचला होता.

ओव्हरसियर कामावर परत आला. हॉलचे छप्पर पुन्हा घालायचे होते. खाते दुसऱ्याला पाठवणार होते, यानेच मागून घेतले. पत्रे चढवायच्या दिवशी त्याने गावाला बोलावले आणि वादावादी होऊ नये म्हणून मी बंदोबस्ताला गेलो. शिक्षा भोगून आलेला सरपंच मागे एका झाडाखाली उभा होता.

त्या दिवशी वारा चांगला होता. ओव्हरसियरने भाषण केले नाही. एक सुटा पत्रा जोत्यावर आणला आणि म्हणाला, डोक्यावर आडवा धरून वाऱ्याकडे तोंड करून उभे राहा. दोघा तरुणांनी हसत हसत धरला. वाऱ्याने तो त्यांच्या हातातून काढून घेतला. पुन्हा धरला, पुन्हा तेच. त्यांचे हसणे थांबले. एकेक जण येऊन धरून पाहू लागला.

मग सरपंच आला. लोकांनी वाट दिली. त्याने पत्रा दोन्ही हातांनी डोक्यावर धरला. वारा आला, पत्रा वर ओढू लागला, त्याचे हात सरळ वर ताणले गेले. तो चवड्यांवर उभा राहिला पण सोडेना. पत्र्याची धार तळहातात गेली, रक्त मनगटापर्यंत आले. लोक सोडा, सोडा म्हणू लागले. तो म्हणाला, "एवढं वढते काय बाबू?"

ओव्हरसियर पुढे गेला आणि त्याच्या हातांशेजारी आपले हात लावून त्याने पत्रा खाली धरला. वारा पडेपर्यंत दोघे तसेच उभे होते.

या केसआधी मी गुन्ह्यात पहिल्यांदा लोभ शोधायचो. कोणाचा फायदा झाला, कोणाच्या खिशात गेले. त्यानंतर आणखी एक प्रश्न विचारायची सवय लागली, की या माणसाला काय पटले नव्हते. त्या गावात सगळे होते. नकाशा बरोबर होता, लोखंड खरे होते, काम चोख होते आणि सांगायचे ते सांगूनही झाले होते. पण ज्याने कधी छप्पर वर जाताना पाहिले नाही त्याला ते नुसते सांगून पटत नाही, हे त्या ओव्हरसियरला नंतर कळले आणि मलाही. पुढे तो जिथे जिथे काम करायचा तिथे पत्रा माणसांच्या हातात द्यायचा, असे मी ऐकले. मी गच्चीवरच्या शेडखाली उभा राहून ओरडतो ते त्यामुळेच. मुलगी गेल्यावर तो बाप पत्रा धरून उभा राहिला. तो ती जाण्याआधी धरायला हवा होता, आणि ते काम त्याच्या हातून आधी करून घेणारे आमच्यापैकी कोणी नव्हते.